साचा घेताना
इथे आखातात, सीफ भागातल्या दवाखान्यात दाताच्या डॉक्टरीणबाईंनी साच्यासाठी तो गुलाबी, पुदिन्याच्या वासाचा लगदा तोंडात भरला आणि मला सलमाबादमधली आमच्या कंपनीची शेड आठवली. कंपनीच्या सेफ्टी फिल्मसाठी परांचीवरून पडून मेलेल्या कामगाराचा मुखवटा हवा होता, आणि चेहरा निवडला माझा. करणारा फिलिपिनो कॅमेरामन, मनिलाच्या भुताच्या सिनेमांत मुरलेला. जखमा, मुडदे स्वतःच बनवायचा. म्हणाला, "सर, डोळे-तोंड बंद, श्वास फक्त नाकाने. घाबरलात तर हात वर करा, मी लगेच काढतो." चेहऱ्यावर लगदा थंडगार बसला, कान बुजले, जीव गुदमरला. मी उजवा हात वर केला. कुणीतरी तो अलगद धरला, खाली घेतला आणि शेवटपर्यंत सोडला नाही. तळवा खरखरीत होता, सिमेंटने चिरलेला वाटावा तसा. साचा निघाल्यावर मी कॅमेरामनला थँक्यू म्हणालो. "कशाबद्दल? मी काढणारच होतो, तर तुम्हीच हात खाली घेतलात," तो म्हणाला. त्याचे दोन्ही हात कोपरापर्यंत लगद्याने माखले होते. माझ्या हातावर एक डागही नव्हता. शेडमध्ये आम्ही दोघंच होतो. आज डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "डोन्ट मूव्ह," आणि माझं लक्ष गेलं: माझा उजवा हात आपणहून वर उठला होता.