सात ओंजळींचं वजन

ज्वारीचे दाणे ओंजळीतून लुगड्याच्या पदरात पडतात, तेव्हा त्यांचा एक वेगळाच आवाज होतो. सुपात पाखडताना होणारी सळसळ त्यात नसते, पत्र्याच्या डब्यातला खडखडाट तर नाहीच नाही. कापड त्यातला अर्धा आवाज स्वतःत जिरवून घेतं आणि उरतो तो एक मऊ, दबका नाद, कुणी कानाशी येऊन 'सांभाळून जा गं' म्हणावं तसा. परवा नांदेडला शेजारच्या घरी त्यांच्या सुनेची ओटी भरताना तो मला पुन्हा ऐकू आला. बायका हसत होत्या, नाव घेण्याचा आग्रह चालला होता, आणि मी मात्र त्या नादाचं बोट धरून कितीतरी मागे, निलंगा तालुक्यातल्या आमच्या गावी जाऊन पोचले होते.

ती वर्षं कोरडी होती. आभाळ भरून यायचं आणि पत्ता चुकलेल्या पाहुण्यासारखं दारावरून पुढे निघून जायचं. विहिरीत उतरून बायका वाटी-वाटीनं घागर भरायच्या. आमची म्हैस चारा-छावणीत होती आणि तिचं दूध केव्हाच आटलं होतं. त्याच दिवसांत लातूर जिल्हा नवा झालेला. उस्मानाबादचे हेलपाटे संपले म्हणून माणसं खूश होती आणि नव्या कचेऱ्यांत नव्या जागा निघतील या आशेनं माझ्यासारखी मुलं-मुली अर्ज लिहीत होती. मी नुकतीच बी. ए. झाले होते. आमच्या घरात पदवी घेतलेली पहिली मीच. पण ती पदवी एकटीची असते का? आबांनी आणि दादानं माझ्यासाठी काय केलं ते गावाला दिसत होतं; कौसावहिनीनं केलं ते मात्र कुणाला दिसलं नाही. परीक्षेच्या दिवसांत माझ्या वाट्याचं दळण, माझ्या वाट्याचं पाणी तिनं मुकाट्यानं आपल्या अंगावर घेतलं होतं, आणि वर मलाच म्हणायची, "वन्सं, तुम्ही वाचा. माझं बी थोडं वाचा."

वहिनीचं पहिलं मूल गेलं होतं. घरीच जन्मलं, आणि चौथ्या दिवशी गेलं. इतकं बारीक होतं की आईनं त्याला कापसात गुंडाळून ठेवलं होतं. त्यानंतर दीड-दोन वर्षांनी तिला पुन्हा दिवस गेले, तेव्हा घरात आनंद आला तोही चवड्यांवर, आवाज न करता. या खेपेला मूल जगलं पाहिजे, हे कुणी बोलत नव्हतं. पण चुलीपाशी, ओसरीवर, आबांच्या खोकल्यातसुद्धा तेच एक वाक्य होतं.

आमच्या घरात एक रीत होती. पोटुशी बाई गावाची शीव ओलांडणार असेल, तर तिनं रिकाम्या पदरानं जायचं नाही. जितके महिने, तितक्या ओंजळी ज्वारी. सासूनं मोजून पदरात घालायची, वर हळदी-कुंकवाचं बोट लावायचं, पदराची गाठ मारून ते गाठोडं कमरेला आत खोचायचं. परत आल्यावर ती ज्वारी पुन्हा कणगीत. घरचे दाणे घरात आले, म्हणजे बाई आणि बाळ दोघं सुखरूप परतली. दुष्काळात कणगीचा तळ दिसत होता, तरी आईनं ओंजळ कधी उणी केली नाही. तिसऱ्या महिन्यात तीन, चौथ्यात चार. नारळ परवडत नव्हता, म्हणून ओंजळ जरा जास्तच गच्च भरायची. त्या दाण्यांमागे किती भीती आणि किती माया दडली होती, ते तेव्हा मला कुठे कळत होतं?

आरोग्य उपकेंद्र शेजारच्या गावी होतं. महिन्यातून एकदा मी वहिनीला घेऊन चालत जायची. तिथे बायकांची ही गर्दी. नर्सबाई एकट्या, हात दोनच आणि तोंड मात्र दहा बायकांना पुरेल असं. वहिनीच्या कार्डावर जिल्हा उस्मानाबाद छापलेलं होतं. नर्सबाईंनी ते पेनानं खोडून वर 'लातूर' लिहिलं होतं. ते कार्ड सांभाळणं माझं काम. वहिनी काट्यावर उभी राहायची, काटा थरथरत थांबायचा, आणि नर्सबाईंच्या आधी मीच आकडा मोठ्यानं वाचायची. शिकलेली होते ना! एक्केचाळीस. मग सव्वा एक्केचाळीस. मग साडेएक्केचाळीस. सहाव्या महिन्यात बेचाळीस.

"कमती हाय," नर्सबाई म्हणायच्या, "पर चढून राहिलंय. खाय गं बाई, लाजू नको."

"खाते की," वहिनी खाली बघून म्हणायची.

रांगेतली एखादी म्हातारी मध्येच बोलायची, "नणंद लई हुशार दिसतीया. नणंदेलाच खाऊ घालत असंल ही." सगळ्या हसायच्या. मीही हसायची.

आज ते हसू आठवलं की मान खाली जाते. कारण म्हातारी खरं बोलली होती. अंगणवाडीतून वहिनीला सुकडी मिळायची. ती पुडी घरी आली की चुलीपाशी उघडायची आणि सगळ्यांच्या हातावर चिमूट-चिमूट यायची. गोड खायला घरात दुसरं होतं काय? त्यातली एक चिमूट मीही खाल्लेली आहे, दर वेळी. आणि रात्रीच्या जेवणाला वहिनी शेवटी बसायची. पुरुषांचं झालं, आईचं झालं, माझं झालं, मग ती. टोपल्यात काय उरलं ते मी कधी वाकून पाहिलं नाही. आई तर तिला अधूनमधून सांगायचीच, "पोटाला तड लागू देऊ नको. लेकरू मोठं झालं तर अडतं." आई ते अज्ञानातून म्हणते, असं मी मनात ठरवून टाकलं होतं. नर्सबाई 'खा' सांगतात, आई 'जपून खा' सांगते, पण कार्डावर तर वजन वाढतंय. मग वाद कशाला, असा माझा सोयीचा हिशोब.

सातव्या महिन्यात आईनं सात ओंजळी घातल्या. वाटेत वहिनी दोनदा बसली. त्या दिवशी नर्सबाईंनी आधी पोट तपासायला घेतलं. आडवं व्हायचं म्हणून वहिनीनं कमरेचं गाठोडं सोडलं, पदरातली ज्वारी माझ्या रुमालात ओतली आणि रुमालाची गाठ मारून टेबलावर ठेवली. मग ती उठून काट्यावर उभी राहिली.

काटा चाळीसवर थांबला.

मी आकडा वाचलाच नाही. नर्सबाई वाकल्या, त्यांनी काट्याला टिचकी मारली. "ह्ये काय झालं? मागल्या खेपेला बेचाळीस होतं की." त्यांनी वहिनीला उतरवून मला उभं केलं. माझं वजन माझं मला ठाऊक होतं. काटा तिथेच गेला. काट्याचा काही दोष नव्हता. मी मागे वळले, तर वहिनी टेबलावरच्या रुमालाकडे बघत होती.

नर्सबाईंच्या ध्यानात आलं. खिडकीपाशी बाळं तोलायचा टांगता काटा होता, त्याच्या झोळीत त्यांनी ते गाठोडं ठेवलं. दोन किलो. चार महिने कार्डावर जे चढत होतं ते ना वहिनीचं अंग होतं, ना बाळाचं. आईच्या ओंजळी होत्या, महिन्याला एक वाढत जाणाऱ्या.

"मग पोट कसं वाढलं?" मी विचारलं.

"लेकरू सोडतंय व्हय? ते आईच्या अंगातलं ओढून घेतं," नर्सबाई म्हणाल्या. त्यांनी वहिनीचा दंड माझ्या बोटांत दिला. "बघ. हिचंच हिला खाऊन वाढून राहिलंय. पर हिच्यात उरलंय किती, की त्याला पुरावं?" मग स्वतःशीच बोलल्यासारखं, "मी बी पोट बघत गेले, ओटी बघितली न्हाई."

वहिनी झोळीतल्या त्या गाठोड्यावरून नजर काढत नव्हती. तशीच बघत म्हणाली, "वन्सं, आमचं पहिलं याच्याहून हलकं होतं."

परतताना ज्वारी या खेपेला मी उचलली होती. दोन किलो म्हणजे किती, ते त्या दिवशी चालताना कळलं. माणूस शिकतो म्हणजे नेमकं काय करतो? मी आकडे वाचायला शिकले होते आणि ज्या माणसाचे ते आकडे, त्याचा दंड एकदाही हातात धरला नव्हता.

घरी आल्यावर आईला सांगितलं, आणि सांगताना चुकलेच. आवाज चढला. "तुझ्या ओटीनं फसवलं आम्हाला. आणि तू तिला अर्धपोटी ठेवतेस," असं काहीतरी बोलून गेले. आई ज्वारी कणगीत ओतायला निघाली होती, ती तशीच थांबली.

"माझी थोरली बहीण," ती म्हणाली, "दोन दिस अडली. लेकरू मोठं होतं. मी उशाशी होते, बारा वर्साची. तिनं माझा हात धरलेला, तो बायकांनी मागनं सोडवला. तू शिकलीस, सुमे. चांगलं झालं. पर मी बघितलंय." आणि मग, फार हळू, "मी हिला उपाशी ठेवली का गं? मी हिला जपत होते."

आईनं बारा वर्षांची असताना पाहिलेलं ते मरण आणि कापसात गुंडाळलेलं ते मूल, दोन्ही एकाच घरात, एकाच चुलीपाशी इतके दिवस शेजारी शेजारी बसली होती, आणि आम्ही कुणीच त्यांची गाठ घालून दिली नव्हती. मी एवढंच सांगितलं, की नर्सबाई म्हणाल्यात, या वाळलेल्या अंगात लेकरू मोठं होऊन अडण्याची भीती नाही. ते पुन्हा पहिल्याएवढंच बारीक होण्याची आहे. बाळंतपण निलंग्याला दवाखान्यात करू. आईनं ज्वारी कणगीत ओतली नाही. तशीच जात्यापाशी ठेवली.

सकाळी आईनं स्वतः भाकरी थापल्या. पहिली तव्यावरून उतरली ती ताटात घातली, वर शेंगदाण्याची चटणी, बाजूला गुळाचा खडा, आणि म्हणाली, "कौसे, बस. आधी तू."

वहिनी भिंतीला चिकटून उभी. आबा जेवायचे होते, दादा जेवायचा होता. "आत्याबाई, त्यांचं होऊ द्या."

"बस म्हणलं ना."

ती बसली, पण घास हातातच राहिला. समोर सासरा आणि नवरा उपाशी असताना तोंड कसं हलवायचं, हे तिला कुणी शिकवलंच नव्हतं. तेव्हा दादा उठला, ओसरीच्या कडेला आमच्याकडे पाठ करून बसला आणि विडीसाठी खिसे चाचपत बसून राहिला. आबांनीही सावकाश खाट फिरवली. दोन पुरुषांच्या पाठींच्या आडोशाला माझी वहिनी पहिल्यांदा गरम भाकरी जेवली.

त्यानंतर रोज तिची भाकरी पहिली. सुकडीची पुडी तिच्या फडताळात गेली. दादानं छावणीवरून कुणाकुणाकडून पेलाभर दूध मिळवलं. दुष्काळी कामावर खडी फोडायला ती जायची, तिच्या जागी मी जाऊ लागले. हाताला फोड आले, ते मला माझ्या पदवीइतकेच प्रिय वाटले. आठव्या महिन्यात ओटी आईनंच उपकेंद्राच्या दारात काढून आपल्या ओच्यात घेतली. काटा बेचाळीसवर आला. नवव्यात चव्वेचाळीसवर. आई काट्याजवळ वाकून बघायची. तिला आकडे येत नव्हते, पण काटा मागच्या खेपेच्या पुढे गेला की नाही, एवढं तिला बरोबर कळायचं.

निलंग्याच्या दवाखान्यात पहाटे कळा सुरू झाल्या, त्या दुपार झाली तरी थांबेनात. व्हरांड्यात आई भिंतीला टेकून बसली होती. तिनं माझं मनगट धरलं होतं, सोडत नव्हती. "मीच खाऊ घातलं," ती पुटपुटली. "अडलं तर, सुमे?" त्या क्षणी माझ्याजवळ ना पुस्तक होतं, ना आकडा. मीही तिचा हात तितकाच घट्ट धरला.

ऊन कलायला लागलं तेव्हा रडणं ऐकू आलं. बारीक नव्हे, चांगलं खणखणीत. दवाखान्यातल्या बाई बाहेर आल्या. "मुलगी हाय. अडीच किलो भरली."

"आन् ती?" आईनं विचारलं. "माझी सून?"

"ती बी चांगली हाय. जा आत."

आत वहिनी खाटेवर पडून होती, कपाळाला केस चिकटलेले, कुशीत ती इवलीशी मूठ. आईनं तिच्या कपाळावर हात ठेवला. वहिनीनं डोळे उघडले आणि म्हणाली, "आत्याबाई, भूक लागली मला."

सासरी आल्यापासून हे शब्द मी तिच्या तोंडून कधी ऐकले नव्हते. आमच्यापाशी डबा नव्हता. घाईत निघालो होतो. आईनं आयुष्यात कुणापुढं हात पसरला नाही, या गोष्टीचा तिला फार अभिमान होता. ती उठली, पदर खांद्यावरून पुढं घेतला, आणि मी पाहत राहिले. अनोळखी बायकांच्या त्या लांबलचक खोलीत आई एकेका खाटेपाशी थांबत होती आणि प्रत्येकीला सांगत होती, "माझ्या सुनंला भूक लागलीय. भाकरी हाय का कुणापाशी?"