मार्गितने खोडलेलं पान

काही माणसं गेली की सिनेमाचं एक युग संपतं, असं लिहायची पद्धत आहे. मार्गित गेली तेव्हा स्वीडनमधल्या वर्तमानपत्रांनीही तेच लिहिलं, असं तिच्या मुलीने मला कळवलं. पनवेलमध्ये त्या दिवशी फक्त नळाला पाणी आलं नव्हतं.

मार्गितने पंधरा वर्षं दुसऱ्यांसाठी पटकथा लिहिल्या, मग चाळिशी उलटल्यावर स्वतः दिग्दर्शन सुरू केलं. सहा चित्रपट केले. तिच्या लिखाणातला स्वल्पविरामसुद्धा नटांना हलवता येत नसे, असा तिचा लौकिक. सातव्या, म्हणजे शेवटच्या चित्रपटासाठी ती पनवेलजवळच्या मिठागरांवर आली. मी तेव्हा इथल्या कॉलेजात इंग्रजी शिकवत होतो, म्हणून दुभाषा म्हणून माझी वर्णी लागली. चित्रपटात मिठागरावर राबणाऱ्या बायकाच घेतल्या होत्या; पहिल्याच दिवशी त्या सगळ्या लग्नाला निघाल्यासारख्या जरीच्या साड्या नि दागिने घालून मिठात उभ्या! सिनेमा म्हटल्यावर कामाच्या लुगड्यात कोण येणार? मार्गित हसली नाही. दोन तास थांबली, सगळ्यांना कपडे बदलून येऊ दिलं.

खरी पंचाईत झाली ती शेवटच्या दिवशी. मिठागर एका कंपनीने विकत घेतलेलं, दुसऱ्या दिवशी भराव पडणार होता. शेवटचा प्रसंग त्या दिवशी मिळाला नाही, तर चित्रपटाला शेवटच नव्हता. मिठाच्या राशीपाशी उभं राहून हिराबाईंनी एक भाषण करायचं होतं... समुद्र, काळ, विस्मरण, असं पानभर. मी मराठी करून वाचून दाखवलं. हिराबाई साठीच्या, जन्म मिठात गेलेला. त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं.

"मास्तर, असं कोन बोलतं?"

"बोलावं लागेल, हिराबाई. लिहिलंय तसं."

"मंग लिवनारीलाच उभी करा. मिठात कवा उतरलीय का ती? आमी राशीवर पेंढा घालतो नि घरी जातो. भाषान नाय करत."

हे मी जरा सौम्य करून सांगितलं. मार्गितने नकारार्थी मान हलवली, म्हणाली, जसं म्हणाल्या तसं सांग. सांगितलं. ऊन उतरायला लागलं होतं. कॅमेरामन घड्याळ बघत होता. ती बांधावर बसली, पेन्सिल काढली आणि एकेक ओळ खोडत खाली गेली. पान संपलं तेव्हा वर एकही ओळ उरली नव्हती. मग म्हणाली, "त्यांना सांग, रोज करतात ते करा."

हिराबाईंनी राशीवर पेंढा घातला. चारी बाजूंनी नीट दाबला. बाळाला थोपटावं तसं दोनदा थोपटलं आणि म्हणाल्या, "नीज आता." चित्रपट तिथेच संपतो.

पुढे श्रेयनामावलीत पटकथेखाली दोन नावं आली: मार्गित आणि हिराबाई. निर्माते कुरकुरले, तर मार्गितने कळवलं, एकच नाव ठेवायचं असेल तर माझं काढा. पनवेलला खेळ झाला तेव्हा स्टेजवर नारळ, शाली आणि तीन पाहुण्यांची भाषणं होती. लेखिका हिराबाई मात्र तिसऱ्या रांगेत. दुसरं भाषण सुरू असतानाच मार्गित स्टेजवरून उतरली आणि त्यांच्या शेजारी जाऊन बसली. तिसऱ्या पाहुण्यांनी मग रिकाम्या खुर्चीचा सत्कार केला. इतका अभिमान मला कुठल्याच समारंभात वाटलेला नाही, आणि समारंभ मी बरेच सोसलेत.

तिच्या जाण्याची बातमी सांगायला मी रिक्षाने हिराबाईंकडे गेलो. त्या सुकट निवडत होत्या. हात थांबले.

"बाय शेवटाला काय बोलली, मास्तर?"

"माहीत नाही."

"काय नसंल बोलली," त्या म्हणाल्या. "शानी होती."

ते खोडलेलं पान माझ्याकडेच राहिलंय. फ्रेम करून घ्यावं म्हणून परवा कपाटातून काढलं. मागच्या बाजूला मार्गितच्याच अक्षरात त्या दिवसाच्या चहाची यादी आहे: अकरा साधे, दोन बिनसाखरेचे. त्यात एकही अक्षर खोडलेलं नाही.