सिदू वस्तादांची उजवी बाजू

सिदू वस्ताद दारात आले की आधी नमस्कार करत नसत. समोरच्या माणसाला खांद्यापासून गुडघ्यापर्यंत एकदा नीट बघून घेत आणि मग थेट निकाल सांगत. बाजारात बैल पारखायला आलेला माणूस बघतो, तसलं ते बघणं. माझ्या दवाखान्यात ते पहिल्यांदा आले तेव्हाही असंच झालं. फलटणला फिजिओथेरपीचा दवाखाना टाकून मला जेमतेम सहा महिने झाले होते. मी मूळची सांगलीची, गावात ओळखीचं कुणी नाही. आणि हे सत्तरी ओलांडलेले, पटका बांधलेले गृहस्थ उंबऱ्यावरूनच म्हणाले, "बाई, तुमचा उजवा खांदा पडलाय. पिशवी त्याच अंगाला अडकवता न्हवं?"

ते गेल्यावर मी आरशात पाहिलं. खांदा पडलेला होता खरा, पण डावा. पिशवीही मी डाव्याच खांद्याला अडकवते. एवढं अचूक ओळखणारा माणूस बाजू कशी चुकला, हे काही मला कळेना. वयाचा दोष म्हणून मी ते सोडून दिलं.

त्या दिवशी त्यांच्यामागे त्यांची नात उभी होती. ऋतुजा, वय सतरा. म्हसवडजवळच्या वाडीत वस्तादांची तालीम होती. आयुष्यभर त्यांनी मुलगे घडवले, आणि म्हातारपणी नात हट्टाला पेटली म्हणून मुलींना मातीत घेतलं. ऋतुजाचे आईवडील गलाईच्या धंद्यात, म्हणजे सोनं-चांदी गाळायच्या कामात, परराज्यात. पोरगी लहानपणापासून आजोबांकडेच वाढलेली. आठ दिवसांपूर्वी सरावात समोरच्या मुलीनं तिला उचलून टाकलं होतं आणि ती ताणलेल्या डाव्या हातावर पडली होती. काखेपासून छातीच्या कडेपर्यंत काळंनिळं झालेलं. वस्तादांनी चार दिवस गरम तेलानं बायकांकडून ते चांगलं रगडून घेतलं होतं.

"रगडायचं नसतं हो ताजं दुखणं!" मी जवळजवळ ओरडलेच.

"मग काय करायचं असतं?" त्यांनी शांतपणे विचारलं. मला वाटलं चिडतील. ते खरोखरच उत्तराची वाट बघत होते.

सांगलीच्या हाडांच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं की छातीचा डावा स्नायू थोडा फाटलाय, ऑपरेशन नको, विश्रांती आणि मग हळूहळू व्यायाम. अडीच महिन्यांनी साताऱ्यात निवड चाचणी होती. त्यात निवड झाली तर ऋतुजा परगावच्या मोठ्या शिबिरात जाणार होती. वस्तादांच्या तालमीतून आजवर कुणी तिथवर पोचलं नव्हतं. म्हातारा बोलून दाखवत नसे, पण त्याचा जीव त्या एका तारखेत अडकला होता, हे न समजायला मी काही दगड नव्हते.

मग ते दर दहा दिवसांनी एसटीनं यायला लागले. माझ्या भिंतीवर मानवी शरीराचा मोठा तक्ता आहे, समोरून काढलेला, कातडी नसलेला. वस्तादांना तो भारी आवडायचा. खुर्ची सोडून ते त्याच्यापुढे उभे राहत. खांद्यावरच्या स्नायूला ते 'गोळा' म्हणत, छातीच्या दोन स्नायूंना 'फळ्या', पोटावरच्यांना 'पायऱ्या'. कमरेपासून गुडघ्याच्या आतल्या अंगाला तिरकी उतरणारी ती लांब पट्टी मी दाखवली तर म्हणाले, "ही व्हय! मांडी घालून बसतो ती हिच्या जिवावर." आणि ते बरोबर होतं. मला ते परीक्षेच्या आधी पाठ करायला दोन दिवस लागले होते.

मांडीच्या पुढच्या स्नायूंवरून मात्र आमचं वाजलं. मी म्हणाले चार, ते म्हणाले तीन.

"चवथा दावा की."

"तो दिसत नाही आबा, मधल्याच्या खाली असतो."

"लपून बसलेल्याला कशाला मोजता? कुस्तीत जो हाताला लागतो त्येलाच धरायचं."

पुढच्या खेपेला आले ते दारातूनच हसत. "बाई, घावला तुमचा चवथा! पोरं बैठका मारताना हात लावून बघिटलं. खाली कुणीतरी हाय. लय लाजरा हाय, पर हाय." बाहेर बसलेले दोन पेशंट माझ्याकडे बघायला लागले. हे काय चाललंय, ते मी त्यांना समजावू शकले नाही.

वस्तादांची एक रीत मला पहिल्यापासून खटकायची. तालमीतल्या पैलवानानं दुखणं तोंडानं सांगायचं नाही. "दुखतंय म्हणलं की दुखणं मोठं हुतं. वस्ताद कशाला हाय मग? त्येनं बघून वळखायचं." म्हणून ऋतुजा माझ्यापुढेही गप्प. कुठं दुखतं विचारलं तर आजोबांकडे बघायची. मधल्या दिवसांत फोन यायचा तोही वस्तादांचाच. ते तिला समोर उभी करून व्यायाम करवून घेत, बघत, आणि मला सांगत. त्यांचं निरीक्षण इतकं तयार होतं की मी त्यांच्या शब्दावर निर्धास्त असायचे.

पाचव्या आठवड्यात त्यांचा फोन आला. आवाज पडलेला. "बाई, उजवी फळी उठंना. हात वर नेला की तिथंच थबकती. डावी बेस हाय."

दुखापत डावीकडे, आणि बळ उजवीकडचं गेलं? मानेतली नस तर दबली नाही? चार दिवस तेलानं कुणी काय रगडलं होतं कोण जाणे. मी सगळे व्यायाम बंद करायला सांगितले आणि त्यांना पुन्हा सांगलीला पाठवलं. डॉक्टरांची वेळ मिळण्यात आठवडा गेला, तपासण्यांमध्ये आणखी काही दिवस. उजव्या बाजूला काहीही सापडलं नाही. तिथल्या डॉक्टरांनी मला फोन करून विचारलं, "तुम्ही नक्की काय शोधताय?" मी स्वतःच चक्रावून गेले होते.

दोघं परत फलटणला आली तेव्हा मी वस्तादांना तक्त्यापुढे उभं केलं. म्हटलं, "आबा, कुठली फळी उठत नव्हती, इथं बोट ठेवून दाखवा."

त्यांनी जराही न अडखळता चित्रातल्या माणसाच्या डाव्या छातीवर बोट ठेवलं. "ही. उजवी."

"आबा, ही डावी आहे. ह्या माणसाची डावी."

"त्येची असंल. पर तो माझ्या म्होरं उभा हाय न्हवं? माझ्या उजव्या हाताला येती ती उजवी." मग माझ्या चेहऱ्याकडे बघून ते थांबले. "आवं, पन्नास वर्सं मी म्होरच्यालाच बघतोय. म्होरच्याची बाजू माझ्या हातावरनंच मोजायची. त्येच्या जाग्यावर जाऊन उभं ऱ्हायलं तर तवर तो आपल्याला पाडंल की!"

माझा खांदा मला तेव्हा आठवला. पहिल्याच दिवशी समजायला हवं होतं, आणि मी ते वयावर ढकलून मोकळी झाले होते. उजव्या बाजूला कधीच काही झालं नव्हतं. दुखरी डावी बाजू हळूहळू सावरत होती, एका व्यायामाला अडखळली होती इतकंच; आणि ऐन त्या वेळी मी पंधरा-सोळा दिवस सगळं थांबवलं होतं. ऋतुजाला विचारलं, "तू तरी बोलायचंस!" ती म्हणाली, "मला वाटलं, दोन्ही बाजू तपासत्यात."

वस्ताद खुर्चीत बसले. मी त्यांची माफी मागितली, त्यांनी माझी मागितली. चूक नक्की कुणाची हे आम्हाला शेवटपर्यंत ठरवता आलं नाही. मला रडू येत होतं आणि थोडं हसूही, आणि दोन्हीची लाज वाटत होती.

चाचणीच्या आदल्या दिवशी ती दोघं आली. दुखापत झालेल्या मुलीला उतरवायचं तर उपचार करणाऱ्याची चिठ्ठी लागणार होती. मी ऋतुजाचा हात सगळ्या बाजूंनी तपासला. ताकद होती, पण पूर्ण होती का? दोन आठवडे आणखी मिळाले असते तर मी डोळे मिटून सही केली असती. आता मनात एकदा हो यायचं, एकदा नाही. फाटलेला स्नायू पुन्हा फाटला तर तिची कुस्ती कायमची संपणार होती. शेवटी मी वस्तादांनाच विचारलं, "आबा, तुम्ही बघून सांगा. तुमची नजर काय म्हणते?"

त्यांनी नातीला समोर उभं केलं. हात वर करायला लावले, खाली करायला लावले, पुन्हा वर. खांद्यापासून गुडघ्यापर्यंत बघितलं. मग पुन्हा बघितलं. आणि हा दारातून निकाल सांगणारा माणूस माझ्याकडे वळून म्हणाला, "मला ठावं न्हाई, बाई. मला आता दिसंना."

मग ऋतुजाच म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. पुढच्या वर्सी बघू."

मी मनातून सुटले. पोरीला दुखत असणार आणि तिनं ते आपल्या परीनं सांगून टाकलं, असं मी समजले. वस्तादांनी पटका नीट केला, "चला, एसटी जाईल," म्हणाले आणि निघाले. पायरी उतरताना त्यांनी नातीचा हात धरला होता. मी त्यांना शेवटचं पाहिलं ते तेव्हा.

चार महिन्यांनी वस्ताद गेले. सकाळी पोरांकडून जोर काढून घेत होते, तालमीच्या कट्ट्यावर बसले, आणि उठलेच नाहीत. बातमी मला पंधरा दिवसांनी कळली. मी वाडीवर जाऊन आले. एकच गोष्ट मनात कुरतडत राहिली. मी त्या दिवशी सही केली असती, पोरगी उतरली असती आणि जिंकली असती, तर म्हाताऱ्यानं ते डोळ्यांनी बघितलं असतं. ते त्यांच्याकडून मी हिरावून घेतलं का?

पुढच्या वर्षी ऋतुजाची निवड झाली. शिबिराला जाण्याआधी ती पेढे घेऊन दवाखान्यात आली. न राहवून मी विचारलं, "खरं सांग. गेल्या वर्षी किती दुखत होतं?"

"न्हवतं दुखत."

"अगं, मग?"

"आबा 'ठावं न्हाई' म्हणलं न्हवं, बाई? जल्मात कवा मी त्यांच्या तोंडनं तसं ऐकलं न्हवतं. तवा मी त्यांच्याकडं बघितलं. रोज मलाच म्होरं उभी करून ते बघायचं, मी त्यांना कवा बघितलंच न्हवतं. खांदं उतरल्यालं, मान वाळल्याली. मी शिबिराला गेले असते तर सहा म्हयनं घरी येता आलं नसतं." तिनं पेढ्यांचा पुडा माझ्यापुढे सरकवला. "सगळं चार म्हयनंच मिळालं. पर मिळालं."

मी पेढा तोंडात घातला. दुसरा तिच्या हातावर ठेवला.