बारा आठवड्यांचे तीन महिने

हे आमच्या घरात फक्त मला माहीत आहे. गजाननला माहीत होतं की नाही— ते मला कधी कळलं नाही, आणि आता कळायची सोयही उरलेली नाही. गेल्या पोळ्याच्या आठ दिवस आधी तो गेला.

गजानन माझा धाकटा दीर. मी लग्न होऊन बाळापूरजवळच्या या गावात आले तेव्हा तो सातवीत होता. सासूबाई आधीच गेलेल्या. त्याचा डबा मी भरला, त्याच्या शर्टाची बटणं मी लावली, दहावीचा निकाल लागला तेव्हा तो आधी माझ्या पाया पडला आणि मग भावाच्या. पुढे तो मोटारी भरायला शिकला— म्हणजे विहिरीवरची जळालेली मोटार उघडायची, आतली तांब्याची तार काढून नवी गुंडाळायची. वेढे मोजत बसायचा. त्या वेळी कुणी हाक मारलेली त्याला चालायची नाही. माझ्या शिलाई मशीनला छोटी मोटार त्यानेच बसवून दिली.

मग दारू. ती कशी लागली, कुणामुळे लागली, ते मी सांगत नाही. ते सांगायला बसले तर ही गोष्ट त्याची होईल. ही माझी आहे.

आमच्या घरात तारखांचं सगळं माझ्याकडे. गॅस कधी संपेल, गाय कधी विणार, हळद कधी काढायला येईल, कुणाचं ब्लाऊज कधी द्यायचं— भिंतीवरच्या कॅलेंडरवर मी पेनाने खुणा करून ठेवते. ह्यांना कॅलेंडर बघायची सवय नाही, मला विचारतात. मी सांगेन ते बराबर. हे मुद्दाम लिहिते आहे. कारण त्या दिवशी मी जे बोलले ते कुणी तपासून बघितलं नाही. काहून बघतील?

गजाननला आम्ही नांदेडच्या एका व्यसनमुक्ती केंद्रात ठेवलं तो सोमवार होता, चार नोव्हेंबर. तिथल्या मॅडमनी स्पष्ट सांगितलं होतं— बारा आठवडे. बारा पूर्ण झाले की घरच्या माणसाने यायचं आणि घेऊन जायचं. एकट्याला पाठवलं तर पहिल्या वळणावरच पाय घसरतो. आम्ही निघालो तेव्हा गजाननने मला विचारलं, "वैनी, तूच येशील ना?" मी व्हय म्हटलं.

दर रविवारी त्याला घरी फोन करू द्यायचे. तो दुसरं काही बोलायचा नाही. "वैनी, चार झाले." "वैनी, सात झाले, पाच राहिले." आवाज दर आठवड्याला थोडा मोकळा होत गेला. नवव्या आठवड्यात तर तो हसला. केंद्रातल्या पाण्याची मोटार त्याने दुरुस्त करून दिली होती.

आणि त्याच नवव्या आठवड्यात आमच्या लेकीचं, अश्विनीचं लग्न जमलं. पाहुणे वसमतकडचे, घर चांगलं, मुलगा शांत. साखरपुडा दोन फेब्रुवारीचा ठरला, रविवारचा. मी कॅलेंडरसमोर उभी राहिले. बारा आठवडे सत्तावीस जानेवारीला भरत होते. म्हणजे साखरपुड्याच्या सहा दिवस आधी गजानन घरात येणार.

तुम्हाला काय सांगू मला काय दिसलं? पुतण्याच्या लग्नात हाच गजानन मांडवात पडला होता. नवरीच्या मामाच्या अंगावर. लोकांनी उचलून नेला तेव्हा मी पदर तोंडाला लावून स्वयंपाकाच्या बाजूला जाऊन बसले होते. तेच पुन्हा दिसलं— या वेळी माझ्या लेकीच्या दारात. तो सुधरला असेल, हे मनात आलं नाही असं नाही. आलं. पण नसला तर?

ह्यांनी जेवताना विचारलं, "गजाला कवा आणायचंय?"

मी म्हटलं, "तीन म्हैने म्हणलेत की. चार फेब्रुवारीला."

इतकंच. हे मान हलवून जेवत राहिले.

महिना काही चार आठवड्यांचा नसतो. चार आठवडे म्हणजे अठ्ठावीस दिवस, आणि महिना तीस-एकतीसचा. दर महिन्याला दोन-तीन दिवस वर उरतात. तीन महिन्यांत ते आठ झाले. पुष्कळ लोकांची इथे चूक होते— पण माझी झाली नव्हती. दिवसावर दिवस मोजून कपडे देणारी बाई मी. मला ते आठ दिवस दिसत होते. मला ते हवे होते.

पण हा कबुलीजबाब याचा नाही. एवढंच असतं तर मी कधीच कुणाला तरी सांगून मोकळी झाले असते. आईच्या जिवाला भीती वाटली, म्हणाले असते. लोकांनी समजून घेतलं असतं.

सव्वीस जानेवारीला रविवार होता. फोन आला. "वैनी, बारा झाले. उद्या येशील ना? मी दाढी करून बसतो."

अश्विनीच्या साडीला मी फॉल लावत होते. सुई तशीच धरून मी म्हटलं, "उद्या कसं? अजून आठ दिवस हायेत की. चार तारखेला तीन म्हैने भरतात."

तो म्हणाला, "मॅडम बारा आठवडे म्हणल्या होत्या, वैनी."

"तेच ते. बारा आठवडे म्हंजे तीन म्हैने."

"पण मी तर बराबर मोजले…" त्याचा आवाज एकदम बारीक झाला. "मोजण्यात चुकलो काय मी?"

इथे मला थांबता आलं असतं. साखरपुडा आहे, गजा, थोडे दिवस कळ काढ— एवढं म्हटलं असतं तर तो थांबला असता. आनंदाने थांबला असता. पुतणीवर त्याचा जीव होता. पण मग त्याला कळलं असतं की माझा त्याच्यावर विश्वास नाही. ते मला सांगता येईना. म्हणून मी सोपं ते केलं.

मी म्हटलं, "चुकला असशील. तुझं डोकं अजून थाऱ्यावर न्हाई."

कित्येक वर्षांत पहिल्यांदा ज्याचं डोकं थाऱ्यावर आलं होतं, त्याला मी हे म्हटलं.

"व्हय. असंन," तो म्हणाला, आणि त्याने फोन ठेवला.

सोमवारी केंद्रातून फोन आला. मी उचलला नाही. मंगळवारी दोनदा आला. बुधवारपासून मी मोबाईल पालथा घालून ठेवायला लागले. शनिवारी मेसेज आला— पेशंट स्वतःच्या जबाबदारीवर सही करून गेले.

मी तो मेसेज पुसला आणि ह्यांना सांगितलं, "गजा पळून गेला. तीन दिवस राह्यले होते."

साखरपुडा छान झाला. सगळे म्हणाले, काही कमी पडलं नाही.

सोमवारी दुपारी तो आला. कळमनुरीच्या स्टँडवरून कुणीतरी गाडीवर आणून सोडला. पुरता प्यायलेला होता. हे कधी आवाज चढवत नाहीत, पण त्या दिवशी ओरडले— "तीन दिवस कळ निघली न्हाई तुला? तीन दिवस?"

गजानन ओसरीच्या खांबाला धरून उभा होता. त्याने माझ्याकडे बघितलं. मी परातीत कणीक मळत होते. किती वेळ बघत होता सांगता येणार नाही, माझी मान खाली होती. मग म्हणाला, "चुकलो दादा. मोजण्यात चुकलो."

त्याने माझं खरं मानलं होतं? की मला वाचवलं? दोन्हीपैकी काय झालं असावं, याचा मी रोज विचार करते. कधी एक खरं वाटतं, कधी दुसरं. त्यानंतर तो माझ्याशी नेहमीसारखाच बोलायचा. वैनी, चहा. वैनी, पाणी. फक्त काम सोडलं त्याने. लोक मोटारी घेऊन यायचे, तर म्हणायचा, वेढे मोजायला जमत न्हाई आता. पुन्हा केंद्रात जायचं म्हटलं की नको म्हणायचा. ह्यांनी फार हट्ट केला नाही. जो तीन दिवस थांबू शकला नाही तो काय सुधारणार— असं सगळ्या गावाचंच मत झालं होतं. ते मत मी दिलेलं होतं.

तो गेल्यावर, त्याची तिथे राहिलेली पेटी आणायला मी एकटी नांदेडला गेले. तिथे झाडलोट करणाऱ्या मावशींनी ती काढून दिली आणि मला फाटकाजवळचा सिमेंटचा बाक दाखवला. "हितंच बसून राह्यचे," त्या म्हणाल्या. "सकाळी अंघोळ करून, दाढी करून, बॅग मांडीवर घेऊन. पाच दिवस. जेवायलाबी उठवावं लागायचं. मी म्हणायची, येतील हो घरचे. तर म्हणायचे, येणारच हाय माझी वैनी, मीच दिवस चुकलो." मावशींनी मला विचारलं, तुम्ही कोण त्यांच्या? मी शेजारीण म्हटलं.

हो, तेही खोटंच.

त्या बाकाकडे मी पुन्हा गेलेले नाही. पण शिवायला बसले की तो दिसतो. माणूस दिसत नाही— नुसती मांडी आणि तिच्यावर ठेवलेली बॅग. मी मशीन थांबवते, उठते, पाणी पिते, पुन्हा बसते.

गेल्या बुधवारी पलीकडच्या गल्लीतले काका आले होते. त्यांच्या थोरल्याला केंद्रात ठेवायचं की नाही, म्हणून ह्यांचा सल्ला घ्यायला. हे म्हणाले, "ठेवून बघा. पण माणसाचं मन पाह्यजे. आमचा गजा बघा— सगळे दिवस काढले आन् तीन दिवसांसाठी पळून आला." काकांनी मान हलवली. मी आत चहा गाळत होते. मधे फक्त एक दार होतं, तेही उघडं. मी चहा गाळला, दोन कप भरले, बाहेर नेऊन दिले.

गजाननने बारा आठवडे पूर्ण केले होते. त्यावर आणखी पाच दिवस तो थांबला होता.