खाऱ्या समुद्रातले दाजी

फोन आला तेव्हा मी एका ब्लाउजच्या बाहीला हातशिलाई घालत होते. तासाभरापूर्वीच दाजींना रिक्षानं दवाखान्यात सोडून परतले होते. आठवड्यातून तीनदा त्यांचं डायलिसिस असायचं, मशीनवर चार तास जायचे, तेवढ्यात माझ्या शिवणक्लासची राहिलेली कामं उरकायची. दवाखान्याचा नंबर बघून वाटलं, चष्मा विसरले असतील. दर दोन-तीन खेपांनी ते काहीतरी विसरायचेच. पण पलीकडून कुणीतरी "तुम्ही लगेच या" असं ज्या आवाजात म्हणालं, त्यावरूनच कळलं की हे चष्म्याचं काम नव्हे. मशीन सुरू असतानाच त्यांचं हृदय थांबलं होतं. हातातली सुई मी नीट पिनकुशनला टोचली, गॅस बंद आहे का बघितलं, दाराला कुलूप लावलं. अशा वेळी माणूस इतकं शिस्तीत का वागतं, कोण जाणे.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आक्काचे यजमान. त्यांना जाऊन आता दीड महिना झाला. भेटायला आलेल्या प्रत्येकानं मला विचारलं, "शेवटचं काही बोलले का?" मी सगळ्यांना नाही म्हणून सांगितलं, आणि ते खोटं होतं. घरातून निघताना, चपला पायात सरकवता सरकवता ते म्हणाले होते, "मंगल, अर्धा कप पाणी दे गं." मी म्हटलं, "सकाळचं संपलं तुमचं, दाजी. आता मशीनवर बसल्यावर सिस्टर देतील." ते "बरं" म्हणाले आणि रिक्षात जाऊन बसले… बस, एवढंच. ते अर्धा कप पाणी त्यांना तिथं मिळालं की नाही, हे मला माहीत नव्हतं. एका फोनवर कळलं असतं, पण तो फोन काही माझ्याच्यानं होत नव्हता.

पाण्यावरून आमची दोघांची जुनीच तेढ. आम्ही बहिणी कऱ्हाडजवळच्या, नदीकाठच्या. चारी बाजूंनी ऊस, पाटाला बारमाही पाणी. आक्काला दिली ती मात्र जत तालुक्यात, पार कर्नाटकच्या हद्दीवर, जिथं ज्वारी पावसाच्या भरवशावर आणि माणसं टँकरच्या. मी शाळेत असताना उन्हाळ्याच्या सुट्टीत पहिल्यांदा तिच्याकडं गेले. नव्या दाजींनी तांब्या-भांडं पुढं केलं. मी दोन घोट घेतले आणि उरलेलं, आमच्याकडच्या सवयीनं, अंगणात भिरकावलं. अंगणात बसलेल्या सगळ्या माणसांची बोलणी थांबली. दाजी रागावले नाहीत. त्या ओल्या डागाकडं बघत शांतपणे म्हणाले, "पाव्हणी, निम्मं प्यायचं आसंल तर निम्मंच मागायचं." मला इतकी लाज वाटली की मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही.

पुढं ते ग्रामपंचायतीत पाणी सोडायच्या कामावर लागले आणि निवृत्तीपर्यंत तेच केलं. पाण्याचा व्हॉल्व्ह फिरवायचा, फुटलेली पाइपलाइन हुडकायची, टँकर आला की पिपांच्या रांगेजवळ उभं राहायचं. माणशी दोन घागरी म्हणजे दोनच. समोर सरपंच असो की स्वतःची बायको. आक्काचा या गोष्टीवरचा राग कधीच गेला नाही. "लोकांचे नवरे बायकूला आदी पाणी देत्यात, आमचं येडं मला रांगंत शेवटी हुबं करतंय," असं ती सगळ्या सोयऱ्याधायऱ्यांत सांगत सुटायची. दाजी तिथंच बसून मिशीत हसायचे. त्यांना त्यात कौतुकच ऐकू यायचं बहुतेक.

मूत्रपिंडं निकामी झाली तेव्हा त्यांना सांगलीला माझ्याकडं ठेवायचं ठरलं. आक्काला मेंढरं आणि घर सोडून कायमचं येणं शक्य नव्हतं. माझे यजमान नोकरीनिमित्त फलटणला, मुलगा निखिल पुण्याला, त्याची खोली रिकामीच होती. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन बजावलं, दिवसाला पाऊण लिटर पाणी, चहा-आमटी धरून, वर एक घोट नाही. जास्तीचं पाणी अंगात साठतं आणि थेट हृदयावर येतं. घरी येऊन मी मापाचं भांडं काढलं, सकाळचं आणि संध्याकाळचं पाणी वेगवेगळं मोजून झाकून ठेवायचं ठरवलं. माझा जन्म माप घेण्यात गेला, अर्धा इंच इकडंतिकडं झाला तर मी शिलाई उसवायला लावते. दाजींनी ते भांडं बघितलं आणि म्हणाले, "मी कुणाला घागर जास्त दिली न्हाई. आता तू मला वाटीबी जास्त देऊ नको." मी म्हटलं, "देणारच न्हाई." आम्ही दोघंही तेव्हा हसलो होतो.

समुद्र आमच्या घरात आला तो दिवाळीत. निखिल सुट्टीला आला होता. दाजींचा वेळ जात नाही हे बघून त्यानं आपल्या जुन्या कॉम्प्युटरवर एक गेम लावून दिला. जहाज बुडालंय, एक माणूस लहानशा तराफ्यावर वाचलाय, वर आभाळ, खाली नुसतं पाणी, आणि समुद्राच्या तळाला जाऊन मिळेल ते गोळा करून त्याला जगवायचं. सुरुवातीला काहीही मिळत नाही. तांबं नाही, भंगार नाही, श्वास चाळीस सेकंद पुरतो. आणि चोहीकडं समुद्र असून प्यायला थेंब नाही. दाजी आयुष्यात समुद्र बघितलेला माणूस नव्हता. बराच वेळ पडद्याकडं बघत राहिले. मग म्हणाले, "एवडं पाणी… आनि ह्येला तान लागलीया?" निखिल म्हणाला, "खारं आहे ना काका." "म्हंजे आमच्या बोरच्या पाण्यावानीच की," दाजी म्हणाले आणि त्यांनी माउस हातात घेतला.

पडद्यावरच्या माणसाला ते 'आपला गडी' म्हणायचे. निखिल पुण्याला परतला आणि आमचं संध्याकाळचं वेळापत्रकच ठरलं. ते गड्याला पोहायला लावायचे, मी शेजारी भाजी निवडत इंग्रजी वाचून दाखवायची. इंग्रजी त्यांना अगदीच येत नव्हतं असं नाही, अक्षर अक्षर लावून वाचायचे, आणि त्यातूनच ती टाकीची गंमत झाली. मी बाजारात अस्तर-दोरे आणायला गेले होते. चार दिवस खपून गोळा केलेलं सगळं भंगार खर्चून दाजींनी एक वस्तू बनवून घेतली. मी दारात पाऊल टाकते न टाकते तोच हाक आली, "मंगल, टाकी झाली गं!" त्यांनी यादीत 'टँक' एवढा शब्द लावला होता. टँक म्हणजे टाकी, आणि टाकी म्हणजे पाण्याची, आणखी कसली असणार? आता तिच्यात पाणी भरायचं कसं म्हणून तासभर बटणं दाबत होते. मी वाचून सांगितलं की ही पाठीला लावायची हवेची टाकी आहे, हिच्यानं श्वास जास्त वेळ पुरतो. दाजींचा चेहरा इतका पडला की मला हसू आवरेना. "हवा कोन साटवतं?" ते म्हणाले. "हवा फुकट असती की!"

पण त्याच टाकीमुळं गडी पहिल्यांदा तळाला टेकला. तिथं दाजींचं खरं कसब दिसलं. एका हिरव्यागार वेलीची पाच पानं पिळली की एक बाटली गोडं पाणी मिळायचं, आणि ती वेल दुर्मीळ. निखिलला म्हणे ती सापडायला आठवडा लागला होता. दाजींनी तिसऱ्या बुडीत काढली. "नीरू! नीरू!" म्हणून खुर्चीतल्या खुर्चीत उसळले. नीरू म्हणजे पाणी; फार आनंद झाला की त्यांच्या तोंडी आईची कानडी यायची. मी विचारलं, कसं कळलं हो? तर म्हणाले, "आमच्याकडं पायपलाइन जिमिनीखाली फुटली की तेवड्याच जागंला हिरवं दिसतं. मी हिरवं बगत बगत गेलो." तीस वर्षं गावाची गळती हुडकलेली नजर ती, समुद्राच्या तळालाही फसली नाही. मला त्या दिवशी त्यांचा फार अभिमान वाटला. बोलून मात्र दाखवला नाही, चेष्टाच केली.

एकच गोष्ट निखिलला फोनवर कितीही सांगून त्यांना पटली नाही. गड्याची सामानाची पेटी लहान, तिच्यात तांबं ठेवायचं, दोऱ्या ठेवायच्या. दाजींनी ती पाण्याच्या बाटल्यांनीच गच्च भरली. तांबं सापडलं तरी ठेवायला जागा नाही म्हणून तिथंच सोडून यायचे. "काका, एवढं पाणी नाही लागत एका माणसाला," निखिल कळवळून सांगायचा. "आसू दे. उद्या टँकर आला न्हाई तर?" दाजी म्हणायचे. समुद्रात टँकर कुठून येणार, हे विचारायची सोय नव्हती.

या सगळ्यात मी पहारेकरी होते हे विसरून चालणार नाही. गडी बुडी मारायचा तेव्हा दाजीही श्वास धरायचे, त्यावरून मी ओरडायची. एका संध्याकाळी गड्याला पाणी पाजून ते उठले ते बेसिनवर गेले, आणि परतायला वेळ लागला म्हणून मी बघायला गेले, तर नळाखाली ओंजळ धरलेली. मी हात धरून नळ बंद केला. मला भीती वाटली होती, पण तोंडातून निघाला तो राग. "लाज वाटत न्हाई का, लहान पोरागत?" असं मी बोलले, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठ्या माणसाला. ते शर्टाला हात पुसत म्हणाले, "त्येला पाजलं, तवा मलाबी वाटलं… ऱ्हाऊ दे. तुझं बराबर हाय." त्यानंतर त्यांनी चोरून कधी पाणी घेतलं नाही. मागायचे मात्र. कधी अर्धा कप, कधी नुसता घोट, आणि मी नाही म्हटलं की "बरं."

गेल्या आठवड्यात आक्काला काही कागद लागत होते म्हणून मला दवाखान्यात जावंच लागलं. फाइल घेतली, सही केली आणि निघाले. जिन्यात त्या दिवशीची सिस्टर भेटली. इस्लामपूरकडची, पंचविशीतली मुलगी. तिनंच मला ओळखलं. आता टाळून उपयोग नव्हता. मी विचारलं, "त्या दिवशी त्यांनी पाणी मागितलं होतं का गं?"

"मागितलं नाही," ती म्हणाली. "ओठ सुकलेले दिसले म्हणून मीच विचारलं, काका, थोडं पाणी देऊ का? तर नको म्हणाले. म्हणाले, घरी माझं संध्याकाळचं झाकून ठेवलंया. हितं प्यालो तर मेव्हणीचं माप बिघडंल."

मी जिन्याच्या पायरीवर बसले. ती बिचारी घाबरली, खाली वाकून माझा हात धरू लागली. मी तिला म्हटलं, जा बाई तू, मी बरी आहे. माझं माप बिघडलं असतं तर काय बिघडलं असतं? डॉक्टर बरोबर होते, मीही बरोबर होते, आणि दाजी आमच्या दोघांपेक्षा जास्त बरोबर निघाले, म्हणून ते तहानलेले गेले. मी त्यांना अर्धा कप पाणी द्यायला हवं होतं. हे मी इथं लिहून ठेवते, कारण आक्काला तोंडानं सांगायचा धीर मला अजून झालेला नाही.

घरी आल्यावर निखिलच्या खोलीत गेले आणि कॉम्प्युटर सुरू केला. माउस मी पहिल्यांदाच हातात घेतला. इतके दिवस दाजी चालवायचे, मी नुसती सांगायची. शेजारी बसून सूचना देणं किती सोपं असतं, ते मला कळलं. दाजींचा डाव न उघडता नवाच सुरू झाला की काय चुकलं कोण जाणे, गडी रिकाम्या तराफ्यावर एकटा उभा होता, पेटीत काही नाही, आणि तहानेची रेघ लाल होत चाललेली. मी त्याला पाण्यात उतरवलं. दोनदा बुडवून मारला. तिसऱ्यांदा खडकावर आपटवला. बाहेर क्लासच्या मुली येऊन बसल्या होत्या, त्यांना म्हटलं, काज-बटणं करत बसा. मग हिरवं बघत बघत गेले. हवेची टाकी नव्हती, दर बुडीला वर यावं लागत होतं, त्यात बराच वेळ गेला. पंधरा पानं मिळाली, त्यांच्या तीन बाटल्या झाल्या. तराफ्यावर येऊन मी गड्याला पहिली बाटली पाजली. रेघ पुरती भरली. पडद्यावर इंग्रजीत आलं, तहान भागली आहे, आता दिलेलं पाणी वाया जाईल.

मी उरलेल्या दोन्ही बाटल्या त्याला पाजल्या.