मंगळाच्या राजाचे डोळे

डोळ्यांची आखणी करताना आखणीदादा श्वास रोखून धरत आणि शेवटची रेघ उतरली की मूर्तीलाच म्हणत, "आता बघ." पेणजवळच्या जोहे गावातल्या त्यांच्या कारखान्यातून गणपती बाहेर पडत, ते या दोन शब्दांनंतरच.

परवा पेणला त्यांच्या शोकसभेत एका वक्त्याने सांगितले, की दादांना सौम्य डोळ्यांवाचून दुसरे डोळे येतच नव्हते, म्हणूनच मंगळस्वारीची ती संगीतिका टीव्हीवर फसली. सभा हसली. वक्त्याने ती संगीतिका रोह्याला घरी बसून पाहिली होती. मंगळाचा क्रूर राजा मी होतो. माझा मुखवटा दादांनी माझ्यासमोर घडवला. ही थाप किती वेळा खोडून काढली, आता आठवतही नाही.

यानातल्या माणसांचा थरकाप व्हावा, अशी नजर दिग्दर्शकांना हवी होती. दादांनी ती आखली. मुखवटा फळीवर ठेवताच माती मळणाऱ्या वहिनी ओरडल्या, "अवो, त्याचं तोंड भिंतीकडं फिरवा! माझ्यानं काम होत नाय." दादा मात्र त्या मुखवट्याला "आता बघ" म्हणाले नव्हते.

दुसऱ्या दिवशी पाहतो, तर ते डोळे पुसून नवे आखलेले. समोरच्यावर माया करणारे. मी कडाडलो, "दादा, माझं राज्य बुडवलंत!"

"राजा, टीव्ही कुठं असतो? देवाच्या फळीखाली. समोर घरची माणसं जेवत असतात. जेवत्या माणसाकडं असं बघू नये."

प्रक्षेपणात मी तार सप्तकात "भस्म करीन" म्हणून गर्जत होतो आणि मुखवटा मायेने पाहत होता. कोणी पडद्याला आरती ओवाळली, ही निव्वळ थाप. लोक हसले, एवढे खरे. त्यानंतर मला कोणी भूमिका दिली नाही, हेही खरे. दादा मात्र मला जन्मभर 'राजा' म्हणत राहिले.

शेवटच्या भेटीत त्यांची दृष्टी गेलेली होती. माझ्या खाकरण्यावरून त्यांनी ओळखले.

"राजा, अजून रागावलायस व्हय?"

"हाय."

ते हसले. "असूं दे. जेवायला बस."

शोकसभेत मी बोलायला उठलो, तेव्हा आभारप्रदर्शन सुरू झाले होते. सभांतून भांडण्याचे त्राण आता उरलेले नाही. म्हणून एवढेच लिहून ठेवतो: दादांना ते डोळे येत होते.