आप्पांना हवा असलेला 'उतारा'

माझ्या बहिणीची सोयरीक एका पुस्तकापायी मोडता मोडता राहिली. ते पुस्तक मी वाचलेलं नव्हतं, पाहिलेलं नव्हतं, आणि ज्यांना ते हवं होतं त्यांना ते आजतागायत मिळालेलं नाही.

आम्ही परळीचे. मी इथल्या एका शाळेत मराठी शिकवतो. (हे वाक्य मी एरवी ताठ मानेनं सांगतो. या हकिकतीपुरतं जरा हळू आवाजात सांगतोय.) धाकटी बहीण वर्षा एका वकिलांकडे कामाला आहे. दिवसभर जमिनीचे कागद वाचते, आणि गरजेपुरतंच बोलते. घरातल्या बोलण्याचा उरलेला सगळा कोटा माझ्याकडे. तिची आधीची दोन स्थळं मोडली होती. एकांनी निरोप धाडला, "पोरगी पसंत हाय, भाऊ लई बोलतो." दुसऱ्यांच्या मुलाच्या माहितीपत्रकातल्या शुद्धलेखनाच्या चुका मी लाल पेनानं दुरुस्त करून परत पाठवल्या होत्या. त्यांचा निरोपसुद्धा आला नाही!

तिसरं स्थळ धर्मापुरीचं. मुलगा सुशील, इथल्या वीज केंद्रात कामाला. दिवसभर तिथल्या कोळशाच्या राखेत राहूनही पांढरा शर्ट घालायची हिंमत असलेला. वडील शेतकरी, गळ्यात तुळशीची माळ, बोलणं मोजकं. त्यांना सगळे आप्पा म्हणत. आई म्हणजे काकू, एकदम मोकळ्या. रविवारी मंडळी आली, पोहे झाले, मुलाला मुलगी आवडली, मुलीला मुलगा आवडला. "येत्या रविवारी येतो, साखरपुड्याची तारीख काढू," असं आप्पा म्हणाले. मी तोवर तोंड मिटून बसलो होतो, कारण बायकोनं तशी शपथच घातली होती.

आणि निघताना, एक पाय चपलेत घातलेला असताना, आप्पा वळले.

"मास्तर, तुमी पुस्तकवाली माणसं. 'उतारा' म्हणून एक पुस्तक निघालंय म्हणत्यात. गावलं तर बघा बरं."

मी फक्त "बघतो" म्हणालो असतो तर आज ही हकिकत सांगायची वेळ आली नसती. पण मी काय म्हणालो? "उतारा? अहो आप्पा, फार गाजलेलं पुस्तक! माझं दोनदा वाचून झालंय!"

जीप वळणाआड गेली आणि आमच्या मंगलनं, म्हणजे बायकोनं, विचारलं, "कुणी लिहिलंय हो ते?"

"आं?"

"कशावर हाय?"

"अगं... असं एका वाक्यात सांगण्यासारखं नाही ते."

"फोन करून इचारा की आप्पांना."

दोनदा वाचलेलं पुस्तक कशावर आहे, हे कोणत्या तोंडानं विचारायचं?

सोमवारी स्टेशनाजवळच्या शेखचाचांच्या पुस्तकांच्या दुकानात गेलो. चाचांनी चष्म्यावरून पाहिलं.

"सर, उतारे तो पाँच हैं. तुमको कौनसा होना?"

पाच! मला दुकानातल्या स्टुलावर बसावं लागलं. चाचा बोटं मोजायला लागले. एक उतारा दहावीच्या पोरांसाठी, 'खालील उतारा वाचून प्रश्नांची उत्तरे लिहा' छापाचा. दुसरा उतारा म्हणजे भुताची कादंबरी. तिसरा लिंबू-मिरचीचा, दृष्ट आणि करणी उतरवायचे घरगुती तोडगे. चौथा 'जहर उतारनेवाला, लई खपतो.' आणि पाचवा संपलेला, पंधरा दिवसांनी येणार. (पाचवा कशाचा, ते मी विचारलं नाही. दुकानात नसलेल्या पुस्तकाची चौकशी शहाणा माणूस कशाला करील?)

मग मी बुद्धी वापरली. आप्पा काही दहावीला बसणार नव्हते. माळकरी माणूस भुताचं वाचणार नाही, लिंबू-मिरचीच्या तर वाऱ्याला उभा राहणार नाही. राहिला चौथा. प्लॅस्टिकमध्ये सीलबंद. मुखपृष्ठावर उगवता सूर्य, हात जोडलेला माणूस, आणि खाली बारीक अक्षरात 'विषाकडून अमृताकडे'. अध्यात्म! शंकाच नको! भेट द्यायचं पुस्तक फोडून कसं बघायचं, म्हणून तसंच बांधून घेतलं आणि वर माझ्या मोत्यासारख्या अक्षरात चिठ्ठी चिकटवली: 'तीर्थस्वरूप आप्पांस. आपल्याला याची नितांत गरज आहे हे ओळखून, सप्रेम भेट.' धर्मापुरीला जाणाऱ्या काळीपिवळी जीपच्या ड्रायव्हरच्या हाती पार्सल दिलं आणि घरी येऊन दोन पोळ्या जास्त खाल्ल्या.

मंगळवारी दुपारी सुशीलचा फोन.

"दादा, आप्पाला काय धाडलंत तुमी?"

"का? आवडलं ना?"

"दारू सोडायचं पुस्तक हाय ते! 'एकवीस दिवसांत दारू सोडा!'"

मी फोन या कानावरून त्या कानावर घेतला.

"आप्पा... घेतात का?" मी घाबरत विचारलं.

"अहो, चहासुद्धा एकच टाइम पितेत! पण पार्सल हॉटेलावर दिलं त्या ड्रायव्हरनं. चार माणसांत फोडलं, चिठ्ठी एकानं मोठ्यानं वाचली. आता गाव म्हणायलंय, पाव्हणा मास्तर माणूस, उगंच धाडंल व्हय? अन् आईला संशय आलाय. आप्पा रानातून आले की तोंडाचा वास घ्यायलीय!"

"मी चुकून..."

"तसं सांगितलं मी. आई म्हणती, चुकून कसं? वर 'नितांत गरज' लिवलंय की!"

आता काहीही करून खरा उतारा पोचवायला हवा होता. पण उरलेल्या चारांतला कोणता? मी अभिमान गिळला आणि विचारलं, "सुशील, आप्पांना नेमका कशासाठी पायजे उतारा?"

आणि नेमकं नेटवर्क गेलं. मधून मधून तुकडे येत होते. "...शेजारी... बांध कोरायलाय... लई तरास... त्याच्यावर... उतारा... रविवारच्या आत..." आणि फोन बंद.

मी मराठीचा शिक्षक. गाळलेल्या जागा भरणं हा माझा रोजचा धंदा! शेजारी त्रास देतोय, त्याच्यावर उतारा पाहिजे. म्हणजे तिसरा! लिंबू-मिरची! माळकरी झाला म्हणून काय, शेजारी छळायला लागला की माणूस काय काय करतो.

शनिवारी शाळेत रजा टाकून सकाळी ते पुस्तक घेतलं. मुखपृष्ठावर सुया टोचलेलं हे एवढं लिंबू, सात मिरच्या, आणि मधोमध डोळे वटारलेली काळी बाहुली. "आधी फोटू काढून धाडा अन् इचारा," मंगल म्हणाली. "प्रत्यक्ष भेटीची सर फोटोला नसते," असं मी तिला सुनावलं आणि मोटारसायकलला किक मारली.

आप्पांच्या ओसरीवर सात-आठ माणसं बसली होती. मला वाटलं, वाचनप्रेमी मंडळी. आप्पांनी "या" म्हटलं, पण तोंड कडूच. काकूंनी पाण्याचा तांब्या पुढं केला आणि खाली वाकून हळूच विचारलं, "मास्तर, खरं सांगा. कुटं बसून पितेत?"

"काकू, ते कुठंच पीत नाहीत!"

"तुमी पांघरूण घालू नका. रोज जेवताना एकेक पान वाचून दाखवायलेय मी त्यास्नी."

त्याक्षणी गप्प बसून पुस्तक पिशवीतच ठेवायला हवं होतं. पण घाबरलो की माझा आवाज आपोआप वाढतो. (वर्गात हे शिस्त म्हणून खपतं.) मी उभा राहिलो, पुस्तक सगळ्यांना दिसेल असं वर धरलं आणि म्हणालो, "आप्पा, झालं ते झालं! हा घ्या खरा उतारा! तुमच्या त्या शेजाऱ्याचा आता कायमचा बंदोबस्त!"

ओसरीवरच्या सगळ्यांच्या माना माझ्या हातातल्या लिंबाकडे वळल्या.

माझ्या शेजारी बसलेल्या पागोटंवाल्या गृहस्थांनी शांतपणे विचारलं, "कोणत्या शेजाऱ्याचा, मास्तर?"

"असेल कुणीतरी बांध कोरणारा हलकट!"

"त्यो मीच. धोंडिबा."

सगळं कळायला मला थोडा वेळ लागला, बाकीच्यांना अजिबात लागला नाही. ती वाचनप्रेमी मंडळी नव्हती, ते पंच होते. बांधाच्या भांडणात त्या दिवशी समेट होत आला होता, चहाची आधणंसुद्धा चढली होती. आणि मी धोंडिबांच्या नाकासमोर सुया टोचलेलं लिंबू धरून उभा!

"माज्यावर करणी करतो व्हय बे मास्तर?" धोंडिबा ताडकन उठले. "आप्पा, म्हणून बोलवलंतं व्हय मला? समेट गेला खड्ड्यात!" धोंडिबा गेले, मागोमाग पंच गेले, आणि जाताना प्रत्येकानं माझ्यापासून दोन हात लांबून चप्पल घातली.

आप्पांनी ते पुस्तक माझ्या हातातून घेऊन माझ्याच पिशवीत टाकलं. मग म्हणाले, "मास्तर, उद्या रविवार. आमी येत न्हाई."

एवढंच. आरडाओरडा केला असता तर बरं वाटलं असतं.

परत येताना डोळ्यांतून पाणी येत होतं. राख उडते आमच्याकडे रस्त्यानं, पण त्या दिवशी राखेचा दोष नव्हता. दोन स्थळं माझ्या जिभेनं घालवली होती, तिसरं माझ्या विद्वत्तेनं. घरी सगळं सांगितलं. आईनं पदर तोंडाला लावला. वर्षानं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं.

"दादा, तू आप्पांना इचारलं का, कशाचा उतारा पायजे म्हणून?"

"...नाही."

"एकदाबी न्हाई?"

मी मान हलवली. तिनं स्कूटीची किल्ली घेतली. "बस मागं."

आई किंचाळलीच. "अगं, साखरपुड्याआधी पोरगी सासरी जाती व्हय?"

"आई, सासर ऱ्हायलंय कुटं आता?"

दुपारी पुन्हा धर्मापुरी. मला अंगणातच उभं राहायला सांगून वर्षा ओसरीवर गेली, वाकून नमस्कार केला आणि सरळ विचारलं, "आप्पा, तुमाला कशाचा उतारा पायजे होता?"

आप्पांनी तिच्याकडे बघितलं. मग उठले, आतून प्लॅस्टिकच्या पिशवीतून एक घडी घातलेला कागद आणला. सातबाऱ्याचा उतारा!

"ह्याचा. रकाने कळत न्हाईत बाई मला. तलाठी हापिसात एक जण म्हणला, सातबारा कसा वाचायचा त्याचं पुस्तक निघालंय, नावच 'उतारा' हाय. समेटाच्या आधी एकदा समजून घ्यावं म्हणलं. कुणाफुडं अडाणी दिसाया नको. मास्तर शिकलेले, त्यास्नी सांगितलं."

शेखचाचांकडे संपलेला पाचवा! मी अंगणातल्या तुळशी वृंदावनाला धरून उभा राहिलो.

"आप्पा, ह्याला पुस्तक कशाला? रोज हेच वाचते मी," वर्षा म्हणाली. "धोंडिबाकाकांनाबी बोलवा. दोघांचं सोबतच बघू."

धोंडिबा आले, पण उंबऱ्याबाहेर थांबले. माझे दोन्ही खिसे उलटे करून दाखवल्यावरच आत आले. वर्षानं दोघांचे कागद शेजारी शेजारी मांडले आणि बोट ठेवून रकाना रकाना समजावला. शेवटी 'इतर अधिकार' या रकान्यापाशी थांबली.

"हे बघा. ज्या पट्ट्यासाठी भांडताय ना, दोन्ही कागदांत लिवलंय, तिथं गाडीवाट हाय. दोघांच्या गाड्या जायला. तुमीबी पेरायचं न्हाई, त्यांनीबी न्हाई."

आप्पांनी धोंडिबांकडे बघितलं, धोंडिबांनी आप्पांकडे.

"म्हंजी," धोंडिबा म्हणाले, "आपुन इतकी वर्सं रस्त्यासाठी डोकी फोडायलोत?"

"अन् त्याच्यात सोयाबीन पेरायलोत," आप्पा म्हणाले, आणि मी त्यांना पहिल्यांदा हसताना पाहिलं. माळ हलेपर्यंत हसले. मग वर्षानं काकूंनाही ते दारूचं पुस्तक कसं गेलं ते समजावलं.

"म्हंजी हे खरंच पीत न्हाईत?" काकू म्हणाल्या. आवाजात थोडी निराशा होती. "पाच दिवस झालेते की वाचून."

"मी दुसऱ्याच दिशी सुदारलो म्हणून सांगायलो हिला, तर ऐकत न्हाई!" आप्पा म्हणाले. मग वर्षाच्या डोक्यावर हात ठेवून ते मला म्हणाले, "मास्तर, उद्या येतो आमी. चहा तेवढा तयार ठेवा. दुसरं काई म्हंजी काईच तयार ठेवू नका."

साखरपुडा महिन्याभरानं आमच्या गल्लीतच मांडव घालून झाला. सगळ्यांना कामं वाटून दिली होती. मला खुर्ची दिली होती. "तुमी नुसतं बसायचं," मंगल म्हणाली. "कुणी काई मागितलं तर नीट इचारून घ्यायचं, मगच उठायचं."

तसा मी दोन तास बसलो. मग पाहुण्यांतले एक म्हातारे आजोबा घाम पुसत आले आणि म्हणाले, "पाव्हणं, जरा पाणी द्या."

मी ताबडतोब उभा राहिलो. आता चूक करायची नव्हती. "आजोबा, नेमकं कोणतं? प्यायचं, हात धुवायचं, की पायावर घ्यायचं? प्यायचं असेल तर माठातलं की बाटलीतलं?"

आजोबांनी मला खालून वर न्याहाळलं. मग शेजाऱ्याला विचारलं, "हे कोण?"

"नवरीचे भाऊ."

"आस्सं," आजोबा म्हणाले. "मग पोरगी लगीन ठरवून सुटली म्हणायची!"